सगळी सोंगं आणता येतात...

गेल्या वर्षी सहा महिने ऑनसाईट होतो, पॅरिसजवळ. ऑनसाईट म्हटलं की घरच्यांना वाटतं, पोरगा आयफेल टॉवरखाली बसून कॉफी पितोय. प्रत्यक्षात सोमवार ते शुक्रवार क्लायंटच्या ऑफिसातली एक खिडकी नसलेली खोली, आणि रात्री रूममेटच्या हातची खिचडी. उरले शनिवार-रविवार. ते मात्र वाया घालवायचे नाहीत असं ठरवलं होतं. तर अशाच एका मे महिन्यातल्या रविवारी आम्ही दोघं व्हर्सायला गेलो.

व्हर्सायबद्दल माझं ज्ञान म्हणजे शाळेतला इतिहास. फ्रेंच राज्यक्रांतीची कारणे लिहा. त्यातलं एक ठरलेलं कारण : राजघराण्याची चैन व उधळपट्टी. दोन गुण. पुढचा प्रश्न.

आरसेमहालात पोचलो. 73 मीटर लांबीचा दिवाणखाना, 357 आरसे, आणि त्या आरशांत सेल्फी काढणारे आम्ही पाचशे लोक. रूममेट वर छताकडे बघत म्हणाला, "माज रे नुसता! लोक उपाशी, आणि हे इथे नाचत बसलेत." मलाही तेव्हा अगदी तसंच वाटलं. मग बाहेर बागेत आलो तर कारंजी बंद. तिकिटाचे पैसे मोजून घेतले आणि नळ बंद? चौकशी केली तर कळलं, कारंजी ठरलेल्या वेळीच उडतात.

रूमवर आल्यावर ह्या कारंज्यांबद्दल वाचायला घेतलं, आणि एक भलतीच गोष्ट सापडली. ज्या राजाने ती बांधली त्या चौदाव्या लुईच्या काळातही सगळी कारंजी एका वेळी चालवणं परवडत नव्हतं. व्हर्साय उंचवट्यावर, जवळ मोठी नदी नाही, पाणी कायम कमी. मग केलं काय? राजा बागेत फिरायला निघाला की कारंजेवाले झुडपांआड उभे. राजा जवळ आला की एकजण शिट्टी वाजवायचा, पुढचा चावी उघडायचा. राजा पुढे गेला की मागचं कारंजं बंद. राजाच्या दृष्टीने अख्खी बाग कायम थुईथुई नाचतेय!

मी इंजिनियर माणूस. मला त्या शिट्टीने जे वेड लावलं ते आरसेमहालाने लावलं नव्हतं. आपण आज जे छाती फुगवून ऑन-डिमांड लोडिंग म्हणतो ते हेच की. फरक इतकाच की इथे युजर एकच आहे, आणि तो राजा आहे.

तिथून पुढे दोन महिने मी दर शनिवारी हेच वाचत बसलो. आणि आता माझं ठाम मत झालंय की ते दोन गुणांचं उत्तर चुकीचं आहे. निदान अर्धवट आहे. युरोपातल्या दरबारांत जे नाच, नाटकं, सोंगं, पत्ते, आतषबाजी चालायची ती कामातून वेळ काढून केलेली चैन नव्हती, तेच तिथलं काम होतं. हे पटवून द्यायला जरा मागे जावं लागेल.

1651 चा फेब्रुवारी. लुई बारा वर्षांचा. बाप 1643 सालीच वारलेला, कारभार आईकडे आणि तिचा मुख्यमंत्री कार्डिनल माझारँ याच्याकडे. सरदारांनी आणि पॅरिसच्या न्यायमंडळाने बंड पुकारलेलं. फ्राँद म्हणतात त्याला, 1648 ते 1653. एके रात्री पॅरिसमध्ये अफवा उठली की राणी राजाला घेऊन पळून जातेय. जमाव राजवाड्यावर चालून आला. राणीने दरवाजे उघडायला लावले आणि लोकांना थेट राजाच्या शयनगृहात येऊ दिलं. लोक एकामागून एक आले, पलंगावर झोपलेला पोरगा बघून खात्री करून गेले. पोरगा अर्थात झोपला नव्हता. झोपेचं सोंग घेऊन पडला होता.

माझ्या मते ह्या माणसाच्या आयुष्यातला हा पहिला मोठा प्रयोग. हाउसफुल्ल. आणि त्यातून तो काय शिकला असेल? एक तर ही गर्दी पुन्हा आपल्या पलंगापर्यंत अशी येता कामा नये. आणि दुसरं, आपलं सोंग नीट वठलं तर गर्दी शांत होऊन घरी जाते.

दोन वर्षांनी बंड मोडलं. 3 फेब्रुवारी 1653 ला परागंदा झालेला माझारँ पॅरिसला परत आला, आणि तीनच आठवड्यांत, 23 फेब्रुवारीला, लूव्रशेजारच्या पती-बुरबाँ प्रासादात 'रात्रीचा बॅले' झाला. रात्रभर चाललेला नाच. रात्रीचे चार प्रहर, त्यात चोर, भिकारी, भुतं-चेटकिणी, आगी, गोंधळ. थोडक्यात गेल्या पाच वर्षांतलं फ्रान्सच. आणि सगळ्यात शेवटी पहाट होते, आणि उगवत्या सूर्याच्या वेषात, डोक्यावर सोनेरी किरणांचा मुकुट घालून, चौदा वर्षांचा राजा स्वतः नाचत रंगमंचावर येतो. अंधार संपला, सूर्य उगवला. भाषण नाही, जाहीरनामा नाही. 'सूर्यराजा' हे बिरुद त्याला पुढे आयुष्यभर चिकटलं.

त्याच बॅलेत फ्लॉरेन्सहून आलेला वीस वर्षांचा एक पोरगाही नाचत होता, जाँ-बातिस्त ल्युली. महिन्याभरात तो राजाचा संगीतकार झाला, आणि पुढे फ्रेंच ऑपेराचा सर्वेसर्वा. योग्य कार्यक्रमात योग्य माणसाच्या नजरेत भरणं म्हणजे काय, ते असं. :)

आता ह्यात लुईने नवीन असं काही शोधून काढलं नव्हतं. फ्लॉरेन्सच्या मेदिची घराण्याने 1589 च्या एका लग्नात पित्ती राजवाड्याचं अंगण पाण्याने भरून त्यात जहाजांची लढाई करून दाखवली होती. नाटकाच्या मध्यंतरात ढगांतून देव उतरायचे, त्यासाठी बुओंतालेंती नावाच्या वास्तुविशारदाने दोऱ्या-कप्प्यांची जी यंत्रं केली ती नंतर युरोपभर गेली. इंग्लंडमध्ये इनिगो जोन्सने ती उचलली आणि दरबारात 'मास्क' नावाचा प्रकार गाजवला, म्हणजे मुखवटे घालून केलेलं नृत्यनाट्य. राजा-राणी आणि सरदार स्वतः त्यात नाचायचे.

इनिगो जोन्सची एक गोष्ट मला फार विचार करायला लावणारी वाटली. त्याने रंगमंचावर खोली दाखवणारे पडदे आणले. लांबवर जाणारा रस्ता, मागे मागे लहान होत जाणारे खांब. पण ह्या चित्राची सगळी भूमिती एकाच बिंदूतून बरोबर दिसते, आणि त्या बिंदूवर राजाची खुर्ची. बाकीच्यांना रस्ता जरा वाकडा दिसणार, खांब जरा तिरके दिसणार. जो खुर्चीपासून जितका लांब, त्याचं जग तितकं वाकडं. आपली जागा काय आहे हे कुणी तोंडाने सांगायची गरजच नाही. समोरचा पडदाच सांगतोय. आणि निम्मे लोक नाटकाकडे कमी, राजाकडे जास्त बघत असणार.

तर पुन्हा लुईकडे.

1661 मध्ये माझारँ मेला आणि लुईने जाहीर केलं की आता मुख्यमंत्री नेमणार नाही, कारभार मीच बघणार. अर्थखातं तेव्हा निकोला फुके ह्या गृहस्थांकडे होतं. 17 ऑगस्ट 1661 ला फुकेने व्हो-ल-व्हिकाँतच्या आपल्या नव्याकोऱ्या महालात राजाला मेजवानी दिली. मोलिएरने खास त्या रात्रीसाठी नाटक आणि नाच एकत्र गुंफून नवा प्रकार बसवला. कारंजी, आतषबाजी, जेवणावळ, कशात म्हणून कमी नाही. 5 सप्टेंबरला फुकेला अटक झाली. अटक करणारा अधिकारी होता दार्तान्यां, हो, तोच, ज्याच्यावरून द्युमाने पुढे कादंबरीतला शिलेदार रंगवला. तीन वर्षं खटला चालला. न्यायाधीशांनी हद्दपारी दिली तर राजाने ती वाढवून जन्मठेप केली. 1680 मध्ये फुके तुरुंगातच वारला.

अटक करायचं मेजवानीच्या आधीच ठरत आलं होतं असं इतिहासकार म्हणतात, आणि पैशाच्या भानगडीही होत्याच. पण त्या रात्रीने फुकेची बाजू काही सावरली नाही, एवढं नक्की. सूर्य एकच असतो. दुसऱ्या कुणी आपल्या अंगणात सूर्य उगवून दाखवला तर तो पाहुणचार राहत नाही, ते बंड होतं. आणि गंमत म्हणजे राजाने पुढे केलं काय? फुकेचा वास्तुविशारद ल व्हो, चित्रकार ल ब्रँ आणि बागवाला ल नोत्र, अख्खी टीम उचलली आणि व्हर्सायच्या प्रोजेक्टवर लावली!

पुढच्याच वर्षी, 5 आणि 6 जून 1662 ला, पॅरिसमध्ये त्विलरी राजवाड्यासमोर 'कारुझेल' झालं. म्हणजे घोड्यांवरचा खेळ. सरदारांचे पाच गट : रोमन, पर्शियन, तुर्क, हिंदी आणि अमेरिकन. घोडा भरधाव सोडून भाल्याने टांगलेलं कडं उचलायचं, पुठ्ठ्याची मुंडकी टिपायची. शंभर वर्षांपूर्वी असल्या खेळात खरोखर समोरासमोर भाले घेऊन भिडायचे. 1559 मध्ये फ्रान्सचा राजा दुसरा हेन्री अशाच झुंजीत भाल्याची ढलपी डोळ्यात घुसून मेला होता. म्हणजे लढाईचा खेळ झाला, आणि मग त्या खेळाचाही हळूहळू नाच झाला.

रोमन गटाचा प्रमुख, म्हणजे रोमन सम्राट, अर्थातच लुई. त्याच्या ढालीवर सूर्य. पर्शियनांचा प्रमुख त्याचा भाऊ, त्याच्या ढालीवर चंद्र, सूर्याच्या उजेडावर चमकणारा. आणि तुर्कांचा प्रमुख कोण? प्रिन्स कोंदे. फ्राँदच्या बंडात ज्याने राजाच्या फौजेशी लढाई केली, नंतर स्पेनला जाऊन मिळाला आणि स्पेनच्या बाजूने फ्रान्सशी लढत राहिला, तो हा माणूस. 1659 च्या तहानंतर त्याला माफी मिळाली होती. आणि आता तो पिसांचा तुरा लावून, राजाने ठरवलेल्या वेषात, राजाने आखलेल्या मैदानात, राजाने दिलेली भूमिका करत होता.

इथे माझी ट्यूब पेटली. कोंदेला तुरुंगात टाकलं असतं तर त्याचा हुतात्मा झाला असता. तसाच घरी बसवला असता तर त्याने पुन्हा माणसं जमवली असती. राजाने त्याला नाटकात घेतलं! ज्या हातात तलवार होती त्याच हातात शोभेचा भाला. हजारो लोकांनी ते बघितलं. तहाच्या कागदावर जे लिहिलं होतं ते लोकांना मैदानात डोळ्यांनी दिसलं. पॅरिसमध्ये त्या चौकाला आजही 'प्लास द्यु कारुझेल' म्हणतात; लूव्रच्या काचेच्या पिरॅमिडकडे जाताना आपण त्यावरूनच चालत जातो.

स्वतः लुईला हे पुरतं ठाऊक होतं. आपल्या मुलासाठी लिहून ठेवलेल्या आठवणींत त्याने साधारण अशा अर्थाचं म्हटलंय की अशा सोहळ्यांनी लोकांची मनं जशी धरून ठेवता येतात तशी कधीकधी बक्षिसांनी आणि उपकारांनीही येत नाहीत. म्हणजे उधळपट्टी करणारा राजा ह्या खर्चाकडे गुंतवणूक म्हणून बघत होता.

1664 च्या मे महिन्यात व्हर्सायच्या बागेत आठवडाभर 'मंतरलेल्या बेटाचा' उत्सव झाला. सहाशेवर पाहुणे. आरिओस्तोच्या महाकाव्यातली आल्सीना चेटकीण शूरवीरांना आपल्या बेटावर मोहात अडकवून ठेवते, असं त्याचं कथानक. शूरवीर म्हणजे राजा आणि सरदार. तिसऱ्या दिवशी चेटकिणीचा महाल आतषबाजीत उडवून देतात आणि सगळे सुटतात. पण खरे सुटले का? वीस वर्षं पण झाली नाहीत, 6 मे 1682 ला लुईने अख्खा दरबार कायमचा व्हर्सायलाच हलवला. फ्रान्सचे सगळे शूरवीर एका मंतरलेल्या बेटावर. ह्यावेळी महाल कुणी उडवून दिला नाही.

आणि मग नाटक चोवीस तासांचं झालं. स्वतः रंगमंचावर नाचणं राजाने 1670 च्या सुमारास सोडलं होतं, पण आता त्याची गरजच उरली नव्हती. सकाळी उठणं हा प्रयोग, रात्री झोपणं हा प्रयोग. राजाला सदरा कोण देणार ह्याचा क्रम ठरलेला. रात्री कपडे बदलताना मेणबत्तीचं घर हातात धरायचा मान रोज एकाला मिळायचा. दालन उजेडाने भरलेलं असायचं, मेणबत्तीची काही गरज नव्हती. गरज होती ती राजाच्या तोंडून आपलं नाव निघायची. एक खास निळा जरतारी कोट होता, तो घालायला राजाची लेखी परवानगी लागायची आणि तो मोजक्या लोकांनाच मिळायचा. (कंपनीचा लोगोवाला टी-शर्ट आठवला ना? मलाही.)

हिवाळ्यात आठवड्यातून तीन संध्याकाळी महालाची दालनं खुली. एका दालनात बिलियर्ड, एकात पत्ते, एकात नाच, एकात खाणं. पत्त्यांवर प्रचंड पैसा लागायचा, घराणी कर्जात बुडायची, आणि कर्जात बुडालेला सरदार मग पेन्शनसाठी राजाच्याच तोंडाकडे बघायचा. बिलियर्डवरून तर मिशेल शामियार ह्याचं भाग्य उजळलं. हा राजाबरोबर बिलियर्ड खेळायचा. 1699 मध्ये अर्थखातं मिळालं, 1701 मध्ये त्यावर युद्धखातंही. माणूस प्रामाणिक होता म्हणतात, पण दोन्ही ओझी त्याला झेपली नाहीत. बिलियर्डवर आणि कारभारावर मिळून त्याच्या टिंगलीच्या ओळी पॅरिसभर फिरल्या.

आणि जे ह्या खेळात यायचे नाहीत त्यांचं काय? सँ-सिमोन नावाचा एक ड्यूक होता, दरबाराची इत्थंभूत हकीकत लिहून ठेवणारा. तो सांगतो की लुई रोज बारकाईने बघायचा, कोण आलंय, कोण नाही. जो येत नाही त्याच्यासाठी कुणी रदबदली केली, की राजाचा शेरा ठरलेला : हा माणूस तर मला कधी दिसतच नाही. झालं. काम खलास.

हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही. कारण हे वाक्य मी स्वतः लिहिलं होतं.

सांगतो. दोन वर्षांपूर्वी मी टीम लीड झालो. सात जणांची टीम. आमच्याकडे दरवर्षी मोठा कार्यक्रम असतो, नाच, स्किट, फॅशन शो. वरून निरोप आला की प्रत्येक टीममधून नावं पाहिजेत. मी सगळ्यांची नावं परस्पर टाकली. एक पोरगा होता, कामाला चोख, बोलायला कमी. माझ्या डेस्कपाशी येऊन म्हणाला, "सर, नाचात नको ना माझं नाव. मला खरंच नाही जमत." मी म्हटलं, "अरे, मजा असते, कुणी परीक्षा घेतंय का?" तो आला नाही. त्या दिवशी सुट्टी टाकली. मार्चमध्ये त्याचं अप्रेझल लिहिताना मी लिहिलं : काम उत्तम, पण टीममध्ये मिसळत नाही, व्हिजिबिलिटी कमी. रेटिंग एक पायरी खाली. आणि ज्याने स्किटमध्ये आमच्या मोठ्या साहेबांची नक्कल करून खुद्द साहेबांना हसवलं होतं, तो वर गेला.

व्हिजिबिलिटी कमी. म्हणजे मराठीत काय? हा माणूस मला कधी दिसतच नाही!

म्हणून म्हणतो, ह्या विषयावर मला मत द्यायचंय. आपण दोन टोकांना जातो. एक, शाळेतलं उत्तर : राजे नाचत होते म्हणून बुडाले. हे खरं नाही. लुई नाचला म्हणून टिकला. 1643 ते 1715, बहात्तर वर्षं. दुसरं टोक म्हणजे हल्लीच्या मॅनेजमेंटवाल्यांचं : बघा, खेळामुळे माणसं कशी जोडली जातात! हेही खरं नाही. माणसं जोडली जात नव्हती, बांधली जात होती.

दोन्हीतला फरक कळायला मला एका डच इतिहासकाराने मदत केली. योहान हाउझिंगाने 1938 मध्ये 'होमो लुडेन्स' हे पुस्तक लिहिलं. संस्कृती खेळातून उभी राहते असं त्याचं म्हणणं. पण खेळाचं पहिलंच लक्षण तो सांगतो ते हे, की खेळ स्वखुशीचा असतो. हुकमावरून खेळलेला खेळ हा खेळच राहत नाही. गल्लीतल्या क्रिकेटमध्येही "मी नाही खेळत जा" म्हणून बॅट घेऊन घरी जाता येतं. व्हर्सायमधून तसं घरी जाता येत नव्हतं. म्हणजे जाता यायचं, पण मग दिसेनासं व्हायला लागायचं.

आणि बिल? आपल्याकडे म्हणतात ना, सगळी सोंगं आणता येतात, पैशाचं सोंग आणता येत नाही. 1689 च्या डिसेंबरात युद्धाच्या खर्चासाठी लुईने आरसेमहालातलं चांदीचं सगळं फर्निचर, टेबलं, दिवे, कुंड्या, टांकसाळीत वितळायला पाठवलं. जुना दागिना मोडायला सोनाराकडे घेऊन गेलेल्या प्रत्येकाला माहीत आहे, घडणावळ परत मिळत नाही.

त्याहून मोठं बिल पाण्याचं. कारंज्यांसाठी सेन नदीवर मार्लीला यंत्र बांधलं, 1684 मध्ये ते पूर्ण झालं. चौदा अजस्र चाकं, दोनशेवर पंप, पाणी टप्प्याटप्प्याने दीडशे मीटरहून वर चढवायचं. लिएज भागातल्या रेनकँ स्युआलेम ह्या सुताराने ते उभं केलं, आणि इंजिनियर म्हणून मी त्याला वाकून नमस्कार करतो. तरी पाणी पुरेना. मग 1685 पासून अर नदीचंच पाणी कालव्याने आणायचं ठरलं. हजारो सैनिक खोदायला लावले. दलदलीतल्या तापाने माणसं पटापट मेली. 1688 मध्ये युद्ध सुरू झालं आणि काम अर्धवट टाकलं गेलं, ते कायमचंच. मँतनों गावात त्याच्या कमानी आजही मोडक्या उभ्या आहेत. 1693-94 च्या दुष्काळात फ्रान्समध्ये दहा लाखांहून जास्त माणसं दगावली. रूममेटचं "लोक उपाशी" हे खोटं नव्हतंच. शिट्टीच्या त्या युक्तीवर मी किती खूष झालो होतो! प्रत्येक हुशार सिस्टीमच्या मागे झुडपाआड कुणीतरी चावीवर हात ठेवून उभा असतो, हे मी तेव्हा वाचूनही बघितलं नव्हतं.

शिवाय नाटक नेहमी साथ देतं असंही नाही. इंग्लंडचा पहिला चार्ल्स 1640 च्या जानेवारीत शेवटच्या मास्कमध्ये नाचला. भूमिका : प्रजेवर प्रेम करणारा राजा, ज्याच्या शहाणपणाने कलहाचं वादळ शमतं. दोन वर्षांत यादवी युद्ध. 30 जानेवारी 1649 ला त्याचा शिरच्छेद झाला, तो इनिगो जोन्सनेच बांधलेल्या बँक्वेटिंग हाउससमोर उभारलेल्या मचाणावर. सगळ्यात चांगल्या खुर्चीवरून रस्ता सरळ दिसत होता, कारण चित्रच त्या खुर्चीसाठी काढलं होतं. बाहेरच्यांना तो कसा दिसतोय हे खुर्चीवरून कळायला मार्ग नव्हता.

स्वीडनचा तिसरा गुस्ताव तर नाटकवेडा, स्वतः नाटकं लिहायचा. 16 मार्च 1792 च्या रात्री, स्टॉकहोममध्ये त्यानेच बांधलेल्या ऑपेरागृहात मुखवट्यांच्या नाचात त्याला गोळी घातली. मारेकरी त्याच्याच दरबारी वर्गातले, मुखवटे घालून आलेले. मुखवटा चढवला की कोण खेळतोय आणि कोण खेळत नाहीये हे ओळखता येत नाही. तेरा दिवसांनी राजा गेला.

मरी आंत्वानेतने 1785 च्या ऑगस्टमध्ये त्रियानोंच्या आपल्या खासगी थेटरात बोमार्शेच्या नाटकातली रोझिन रंगवली, मोजक्या लोकांपुढे. लुईच्या वेळी नीट कपडे आणि कमरेला तलवार असली की कुणीही व्हर्साय बघायला आत यायचा; तलवार नसेल तर दारात भाड्याने मिळायची. राणीने खेळ दाराआड नेला. तिला कदाचित खरंच खेळायचं होतं, स्वखुशीने, कुणी बघत नसताना. पण शंभर वर्षं खेळाला कामाला जुंपल्यावर त्या घरात साधं खेळणं कुणालाच परवडणारं नव्हतं. वगळलेले सरदार चिडले, बाहेरच्यांनी वाट्टेल त्या कंड्या पिकवल्या.

माझं म्हणणं एवढंच की नाच, नाटक, आतषबाजी ह्यांना नावं ठेवू नका. मोलिएर, ल्युली, ल नोत्र ह्या सगळ्या मंडळींचं काम त्या दरबाराच्या पैशातून उभं राहिलं, आणि ते आजही बघताना आपण तोंडात बोट घालतो. कुठल्याही खेळाबद्दल एकच प्रश्न विचारा : ह्याला नाही म्हणता येतं का, आणि नाही म्हटलेला माणूस दुसऱ्या दिवशी पूर्वीइतकाच दिसतो का? उत्तर हो असेल तर खुशाल नाचा. नाही असेल तर तो दरबार आहे, मग तिथे कितीही फुगे लावलेले असोत.

परत आल्यावर मी त्या पोराला कॉफीला नेलं आणि झालं ते सांगितलं. वाटलं होतं चिडेल. तो म्हणाला, "जाऊ द्या सर, मला तेव्हाच कळलं होतं." हे ऐकून जास्त वाईट वाटलं. गेलेलं रेटिंग काही मला परत आणता आलं नाही, सिस्टीममध्ये जुनं वर्ष लॉक असतं. यंदाच्या कार्यक्रमाची यादी आली तेव्हा मी टीमला विचारलं, कुणाकुणाला करायचंय. तिघांनी हात वर केले. मी तीनच नावं पाठवली. वरून विचारणा झाली, बाकीचे कुठायत? मी लिहिलं, बाकीचे कामावर आहेत आणि मला व्यवस्थित दिसतायत.

ह्याचं माझ्या अप्रेझलमध्ये काय होतंय ते मार्चमध्ये कळेलच.